राइट-क्लिक करताच विंडोज एक्सप्लोरर वारंवार बंद पडत असेल, तर दोषी प्लगइन फाइल कशी शोधावी

फोल्डरमधील एखाद्या फाइलवर राइट-क्लिक करावे, तर मेनू उघडण्याऐवजी बाणाशेजारचे निळे वर्तुळ फिरत राहते, टास्कबार क्षणभर नाहीसा होतो, उघडी असलेली सगळी फोल्डर मिटतात आणि काही सेकंदांनी डेस्कटॉप पुन्हा नव्याने उभा राहतो. संगणक बंद करून सुरू केला की दोन-चार दिवस बरे जातात आणि मग पहिले पाढे पंचावन्न. पडद्यावर आलेल्या संदेशात नाव असते विंडोज एक्सप्लोररचे, म्हणजे फोल्डर, टास्कबार आणि डेस्कटॉप दाखवणाऱ्या प्रोग्रॅमचे, त्यामुळे विंडोजच बिघडले आहे असे समजून लोक ते पुसून नव्याने टाकतात. नंतर नेहमीचे सगळे सॉफ्टवेअर पुन्हा बसवतात आणि महिन्याभरात तीच तक्रार घेऊन परत येतात. असे होते, कारण सॉफ्टवेअरबरोबर दोषी फाइलही पुन्हा बसवली गेलेली असते.

ओळखीच्या एका डीटीपी कार्यालयातील संगणकावर मी हा प्रकार जवळजवळ दीड महिना पाहत होतो. तेथे छायाचित्रांच्या फाइलींवर राइट-क्लिक केले की एक्सप्लोरर कोसळे, आणि कधी कधी तर पान जुळवण्याच्या सॉफ्टवेअरमध्ये ‘ओपन’ची चौकट उघडताच ते सॉफ्टवेअरच बंद पडे. दोन वेगळे आजार आहेत अशी तेथील सर्वांची समजूत होती. ते एकाच फाइलचे काम होते, हे समजायला आधी प्लगइन म्हणून, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रॅमला जोडून त्यात भर घालण्याचे, काम करणाऱ्या लायब्ररी फाइली कशा चालतात हे नीट पाहावे लागते. या लेखात फाइलींची, आज्ञांची आणि रजिस्ट्रीतील (विंडोज आपली सगळी मांडणी जेथे नोंदवून ठेवते त्या वहीतील) नावे देवनागरीत लिहिली आहेत. संगणकावर ती रोमन लिपीत दिसतात आणि रोमन लिपीतच टाइप करायची असतात.

डीएलएल फाइल आणि प्लगइन

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. तिच्यात संगणकाला करण्याजोगी कामे लिहिलेली असतात, पण ती स्वतःहून चालू होत नाही. एखाद्या चालू प्रोग्रॅमने तिला आपल्या स्मृतीत ओढून घेतले, तरच तिच्यातील कामे होतात. रचनेच्या दृष्टीने ईएक्सई आणि डीएलएल या सख्ख्या बहिणी आहेत. दोन्हींची सुरुवात एम आणि झेड या दोन रोमन अक्षरांनी होते. डॉसच्या काळातील मायक्रोसॉफ्टचे अभियंता मार्क झ्बिकोव्स्की यांची ती आद्याक्षरे आहेत. अशा फाइलीची प्रत नोटपॅडमध्ये उघडली तर बाकीचा मजकूर अगम्य दिसतो, पण ही दोन अक्षरे स्पष्ट दिसतात.

शेवटी डीएलएल असे नाव असलेच पाहिजे असेही नाही. कंट्रोल पॅनेलमधील सीपीएल, ॲक्टिव्हएक्सच्या ओसीएक्स, चित्रफीत उलगडणाऱ्या एएक्स, एक्सेलमध्ये भर घालणाऱ्या एक्सएलएल आणि फोटोशॉपच्या फिल्टरांच्या ८बीएफ या सगळ्या फाइली आतून डीएलएलच असतात. इतकेच कशाला, विंडोजमधील मराठी कळफलकसुद्धा केबीडीआयएनएमएआर नावाच्या डीएलएल फाइलीत असतो. फक्त तिच्यात कोणत्या कळीला कोणते अक्षर याचे तक्ते असतात, करण्यासारखे काम जवळजवळ नसते. त्यामुळे ‘डीएलएल फाइली म्हणजे व्हायरस’ ही समजूत जितकी निराधार, तितकीच ‘डीएलएल आहे म्हणजे विंडोजचीच असणार’ हीसुद्धा.

निदानासाठी सर्वांत उपयोगी भेद आहे तो फाइल केव्हा ओढली जाते याचा. काही लायब्ररी प्रोग्रॅम तयार होतानाच त्याला बांधलेल्या असतात. त्यांची यादी ईएक्सईच्या आत असते आणि त्यांतील एक जरी सापडली नाही तरी प्रोग्रॅम सुरूच होत नाही. ‘व्हीसीरनटाइम१४० ही फाइल सापडली नाही’ हा सुप्रसिद्ध संदेश या प्रकारातला. दुसऱ्या प्रकारच्या लायब्ररी प्रोग्रॅम चालू असताना, गरज पडेल तेव्हा ओढल्या जातात, आणि प्लगइन या दुसऱ्या प्रकारात येतात. ज्याने मूळ प्रोग्रॅम लिहिला त्याला प्लगइनचे नावही माहीत नसते. ‘अमुक ठिकाणी नोंद असेल ती फाइल मी उघडीन आणि तिच्यातील अमुक नावाचे काम हाक मारून करवून घेईन’ एवढा करार त्याने जाहीर केलेला असतो. या करारामुळे प्लगइन गहाळ असेल तर सहसा बोंब होत नाही. मेनूतील एखादी ओळ तेवढी गायब होते. मात्र प्लगइन हजर असून बिघडलेले असेल, तर ते ज्याच्या घरात राहते त्याला घेऊन बुडते, कारण त्याला वेगळी स्मृती नसते. प्लगइनने भलत्या जागी लिहिले, तर ते यजमान प्रोग्रॅमच्याच स्मृतीत लिहिले जाते, आणि विंडोज शिक्षा करते ती यजमानाला. संदेशात एक्सप्लोररचे नाव येते ते यामुळे.

एक्सप्लोररमध्ये कोण कोण शिरते

विंडोज ९५ पासून एक्सप्लोररने बाहेरच्या प्लगइनसाठी दारे उघडी ठेवली आहेत; त्यांना शेल एक्स्टेन्शन म्हणतात. फाइली दाबून एकत्र बांधणारे सॉफ्टवेअर, विषाणूरोधक, क्लाउडवर फाइली ठेवणाऱ्या सेवा, ग्राफिक्स कार्डाचे ड्रायव्हर, पीडीएफ हाताळणारे प्रोग्रॅम आणि स्कॅनर-प्रिंटरबरोबर आलेली सॉफ्टवेअरे अशा प्रत्येकाला राइट-क्लिकच्या मेनूत आपली एक ओळ हवी असते. मेनू उघडण्याच्या क्षणी एक्सप्लोरर या सर्वांना एकेक करून विचारतो, आणि त्यांतील एक जरी अडखळला तरी सगळी रांग थांबते.

नेमके कोणत्या ठिकाणी राइट-क्लिक केल्यावर घोटाळा होतो, हे म्हणूनच आधी नीट पाहावे, कारण नोंदी वेगवेगळ्या ठिकाणी असतात. रजिस्ट्रीच्या एचकेसीआर (एचकेईवाय क्लासेस रूट) या शाखेत नुसत्या तारकेच्या (*) नावाखाली ज्यांची नोंद असते ती प्लगइन कोणत्याही फाइलीवर क्लिक केले तरी जागी होतात. ‘डिरेक्टरी’खाली नोंदलेली फोल्डरवर क्लिक केल्यावर जागी होतात, आणि ‘डिरेक्टरी’मधील ‘बॅकग्राउंड’खाली नोंदलेली फोल्डरमधील रिकाम्या जागी क्लिक केल्यावर. फक्त जेपीजीवरच त्रास होत असेल आणि त्याच फोल्डरमधील मजकुराच्या फाइलीवर होत नसेल, तर संशयितांची यादी त्या एका प्रकाराला चिकटलेल्या दोन-तीन प्लगइनांवर येते. डीटीपी कार्यालयात मी हा प्रयोग पहिल्याच दिवशी करायला हवा होता; त्याऐवजी मी स्मृतीची पट्टी तपासत बसलो, हे कबूल केले पाहिजे.

क्लिक न करता, नुसते फोल्डर उघडताच अडचण येत असेल तर मेनूच्या प्लगइनांना सोडून द्यावे आणि लघुचित्रे किंवा आयकॉनवरील छोट्या खुणा काढणाऱ्या प्लगइनांकडे पाहावे. लघुचित्रांचे काम बऱ्याचदा डीएलएलहोस्ट नावाच्या वेगळ्या प्रक्रियेत होते. विंडोजने यजमानाचा जीव वाचवण्यासाठी केलेली ती सोय आहे. ‘कॉम सरोगेट’ बंद पडल्याचा संदेश येतो तेव्हा एक्सप्लोरर वाचलेला असतो आणि एखादे लघुचित्राचे प्लगइन बाहेरच्या ओसरीवर कोसळलेले असते. आयकॉनवरच्या खुणांची गोष्ट वेगळीच आहे. फाइल क्लाउडवर पोहोचल्याची हिरवी खूण वगैरे दाखवण्यासाठी विंडोजकडे अवघ्या १५ जागा आहेत, त्यांतील काही विंडोज स्वतः वापरते आणि उरलेल्या नोंदीच्या वर्णक्रमाने दिल्या जातात. जुन्या टेलिफोन डिरेक्टरीत आपले दुकान पहिल्या पानावर यावे म्हणून लोक नाव ‘अ’ने सुरू करत, तशी काही सॉफ्टवेअरे आपल्या नोंदीच्या नावाआधी दोन-तीन मोकळ्या जागा सोडतात. नवी क्लाउड सेवा घेतल्यावर जुन्या सेवेच्या खुणा नाहीशा झाल्या, तर तो बिघाड नसून ही चढाओढ असते.

विंडोज ११ मध्ये चित्र थोडे बदलले आहे. ऑक्टोबर २०२१ मध्ये आलेल्या या आवृत्तीत राइट-क्लिकचा पहिला मेनू नव्या पद्धतीच्या नोंदींवर चालतो, आणि जुन्या पद्धतीची प्लगइन ‘शो मोअर ऑप्शन्स’ दाबल्यावर किंवा शिफ्ट आणि एफ१० एकत्र दाबल्यावर पुढे येतात. त्यामुळे पहिला मेनू सुरळीत उघडतो आणि दुसरा उघडताना एक्सप्लोरर पडतो असे दिसले, तर जुन्या पद्धतीचे प्लगइन दोषी आहे हे जवळजवळ ठरलेच. रजिस्ट्रीत बदल करून जुना मेनू परत आणणाऱ्यांनी हे विशेष ध्यानात ठेवावे.

नोंदवहीत काय लिहिले आहे

कोसळण्याची नोंद विंडोज स्वतः ठेवते. स्टार्टमध्ये ‘रिलायबिलिटी’ असा शब्द टाइप केला की ‘व्ह्यू रिलायबिलिटी हिस्टरी’ हा पर्याय दिसतो. त्यात दिवसवार आलेख असून ज्या दिवशी काही कोसळले त्या दिवशी लाल फुली असते. जास्त तपशील हवा असेल तर इव्हेंट व्ह्यूअर उघडून ‘विंडोज लॉग्ज’मधील ‘ॲप्लिकेशन’ या नोंदी पाहाव्या आणि १००० क्रमांकाची ‘ॲप्लिकेशन एरर’ ही घटना शोधावी. तिच्यातील ‘फॉल्टिंग ॲप्लिकेशन नेम’ या ओळीत एक्सप्लोरर असेल. त्याकडे दुर्लक्ष करावे. आपल्याला हवी आहे ती पुढची, ‘फॉल्टिंग मॉड्यूल नेम’ (ज्या फाइलीत काम करताना घात झाला तिचे नाव) ही ओळ आणि शेवटाकडे असलेला त्या मॉड्यूलचा पूर्ण पत्ता. पत्ता ‘प्रोग्रॅम फाइल्स’मधील एखाद्या सॉफ्टवेअरच्या फोल्डरचा असेल, तर अर्धी लढाई जिंकली.

पुष्कळदा मात्र तेथे एनटीडीएलएल किंवा शेल३२ अशी विंडोजचीच फाइल दिसते, आणि येथे चांगले चांगले तंत्रज्ञ फसतात. अशा वेळी त्याच नोंदीतील अपवादाचा संकेतांक (‘एक्सेप्शन कोड’) पाहावा. ०एक्ससी००००००५ हा संकेतांक सांगतो की ज्या पत्त्यावर जाण्याची परवानगी नव्हती तेथे कोणी तरी गेले; पण ज्या फाइलीत हे घडले तीच दोषी असेल असे नाही. ०एक्ससी००००३७४ हा संकेतांक असेल, तर अर्थ असा की स्मृतीच्या वाटपाचा हिशेब कोणी तरी आधीच बिघडवून ठेवला होता आणि एनटीडीएलएलच्या ते नंतर लक्षात आले. चोरी पहाटे झाली आणि सकाळी दार उघडणाऱ्याने ओरड केली, तर ओरडणाऱ्याला कोणी चोर म्हणत नाही. म्हणून एकाच नोंदीवर विसंबू नये. महिन्याभरातील सगळ्या १००० क्रमांकाच्या नोंदी काढून त्यांतील मॉड्यूलची नावे शेजारी शेजारी लिहावीत. डीटीपी कार्यालयातील संगणकावर अशा ११ नोंदी होत्या, त्यांपैकी ९ मध्ये एनटीडीएलएल होते आणि फक्त दोन नोंदींत एक अनोळखी नाव होते. ते नाव होते छायाचित्रांची लघुचित्रे दाखवणाऱ्या एका फाइलीचे, जी पूर्वी कधी तरी घेतलेल्या स्कॅनरबरोबर आली होती. स्कॅनर केव्हाच भंगारात गेला होता, पण त्याची डीएलएल फाइल रोज कामावर हजर होती.

एक्सप्लोरर कोसळत नसून नुसताच अर्धा-एक मिनिट गोठत असेल, तर १००० ऐवजी १००२ क्रमांकाची घटना सापडते आणि तिच्यात मॉड्यूलचे नाव नसते. गोठण्याचे कारण बहुधा कोणाची तरी वाट पाहणे हे असते: बंद पडलेला नेटवर्क ड्राइव्ह, उत्तर न देणारा सर्व्हर, किंवा इंटरनेटवर काही विचारत बसलेले प्लगइन. रिसोर्स मॉनिटरमध्ये गोठलेल्या एक्सप्लोररवर राइट-क्लिक करून ‘ॲनलाइझ वेट चेन’ निवडले, तर तो कोणासाठी थांबला आहे हे काही वेळा थेट दिसते. जुना नेटवर्क ड्राइव्ह तोडून टाकल्यावर मेनू लगेच उघडू लागला, तर प्लगइनच्या मागे लागण्याची गरजच नाही.

फाइलीचे नाव कळले की तिचे प्रॉपर्टीज उघडून ‘डिटेल्स’ या भागात वर्णन, निर्माता आणि आवृत्ती पाहावी. ‘डिजिटल सिग्नेचर्स’ हा भाग मुळीच नसेल तर फाइलीवर स्वाक्षरी नाही. तेवढ्यावरून ती घातक ठरत नाही, पण जुनी आणि कोणी सांभाळत नसलेली असण्याची शक्यता वाढते.

नोंदींतून नाव निघाले नाही तर

अशा वेळी वगळत जाण्याचा मार्ग उरतो. मायक्रोसॉफ्टने २००६ मध्ये विकत घेतलेल्या सिसइंटर्नल्सच्या संचातील ऑटोरन्स हे साधन आणि नीरसॉफ्टचे शेलएक्सव्ह्यू हे साधन, दोन्ही विनामूल्य असून एक्सप्लोररच्या सगळ्या प्लगइनांची यादी देतात. दोन्हींत मायक्रोसॉफ्टच्या नोंदी लपवण्याचा पर्याय आहे. तो आधी चालू करावा, कारण विंडोजची स्वतःची प्लगइन बंद केली तर मूळ आजारापेक्षा औषध महाग पडते. रंगांच्या बाबतीत मात्र सावध राहावे. शेलएक्सव्ह्यूमध्ये गुलाबी ओळ म्हणजे मायक्रोसॉफ्टबाहेरचे प्लगइन एवढाच अर्थ असतो, तर ऑटोरन्समध्ये गुलाबी म्हणजे प्रकाशकाची माहिती किंवा ग्राह्य स्वाक्षरी नाही, आणि पिवळी म्हणजे नोंद आहे पण फाइलच जागेवर नाही. एका साधनाचा रंग दुसऱ्याला लावून मी एकदा चांगले चालणारे प्लगइन बंद केले होते.

यादी हाती आल्यावर एकेक बंद करत बसू नये. निम्मी प्लगइन बंद करावीत, टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर पुन्हा सुरू करावा आणि राइट-क्लिक करून पाहावे. त्रास थांबला तर दोषी त्या निम्म्यांत आहे, न थांबल्यास उरलेल्यांत. असे निम्मे करत गेले की ४० प्लगइनांतूनही सहा फेऱ्यांत एकावर येता येते. शेलएक्सव्ह्यूमध्ये निवडलेल्या ओळी एफ७ने बंद आणि एफ८ने चालू होतात. एक्सप्लोरर पुन्हा सुरू करणे विसरू नये, कारण आधीच ओढलेली डीएलएल फाइल तो स्मृतीत धरून बसलेला असतो आणि बंद केलेले प्लगइनही चालू असल्यासारखे वाटते. त्रास दोन-चार दिवसांनीच होत असेल, तर प्रत्येक फेरीला तेवढे दिवस द्यावे लागतात. येथे घाई उपयोगाची नाही.

या टप्प्यावर दोन सल्ले हमखास मिळतात आणि दोन्ही या विकाराला लागू पडत नाहीत. पहिला सल्ला ‘एसएफसी स्कॅननाउ’ चालवण्याचा. ती आज्ञा विंडोजच्या स्वतःच्या संरक्षित फाइली तपासते, बाहेरच्या प्लगइनांना हातही लावत नाही. दुसरा सल्ला क्लीन बूटचा. त्यात बाहेरच्या सेवा आणि सुरुवातीला चालू होणारे प्रोग्रॅम थांबतात, पण शेल एक्स्टेन्शन एक्सप्लोरर स्वतः ओढतो, त्यामुळे ती चालूच राहतात. हे दोन्ही उपाय करूनही त्रास तसाच राहिला, तर घाबरून विंडोज पुसण्याचे कारण नाही.

३२ आणि ६४ यांचा गोंधळ

‘ओपन’च्या चौकटीत पडणारे दुसरे सॉफ्टवेअर आठवत असेलच. फाइल उघडण्याची आणि जतन करण्याची ती चौकट ही एक्सप्लोररचीच धाकटी आवृत्ती असते, आणि ती ज्या सॉफ्टवेअरमध्ये उघडते त्याच्या स्मृतीत शेलची प्लगइन ओढली जातात. त्यामुळे लेखनाच्या किंवा चित्रांच्या सॉफ्टवेअरमध्ये ‘सेव्ह ॲज’ म्हणताच ते बंद पडत असेल, तर त्या सॉफ्टवेअरच्या निर्मात्याला दोष देण्याआधी राइट-क्लिकच्या प्लगइनांकडे पाहावे.

यात आणखी एक गाठ आहे. ६४ बिटांच्या प्रक्रियेत फक्त ६४ बिटांची डीएलएल चालते आणि ३२ बिटांच्या प्रक्रियेत फक्त ३२ बिटांची. मिश्रण चालत नाही. आजचा एक्सप्लोरर ६४ बिटांचा असतो, पण जुनी सॉफ्टवेअरे ३२ बिटांची असतात, म्हणून प्लगइनचे निर्माते दोन्ही प्रकारच्या फाइली बसवतात. त्यांतील एकच बिघडलेली असू शकते, आणि मग त्रास फक्त जुन्या सॉफ्टवेअरमध्ये दिसतो, एक्सप्लोररमध्ये दिसत नाही. शेलएक्सव्ह्यू ६४ बिटांचे वापरले तर ३२ बिटांच्या नोंदी नेहमीच्या यादीत येत नाहीत, त्यासाठी त्याची ३२ बिटांची आवृत्ती चालवावी. फोल्डरची नावे तर नवख्याला चकवण्यासाठीच ठेवल्यासारखी आहेत: ६४ बिटांच्या विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिटांच्या फाइली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटांच्या. जुन्या प्रोग्रॅमना सिस्टिम३२ हे नाव पाठ होते म्हणून ते बदलता आले नाही, एवढेच त्याचे कारण.

प्लगइन ओढता न आल्याचा संदेश क्रमांकासह येत असेल, तर त्या क्रमांकातून बरेच कळते. १९३ म्हणजे ३२ आणि ६४ यांची गल्लत किंवा अर्धवट उतरलेली फाइल. १२६ म्हणजे मॉड्यूल सापडले नाही. फाइल डोळ्यांसमोर असूनही हा क्रमांक येतो, तेव्हा न सापडलेली फाइल वेगळीच असते, म्हणजे त्या प्लगइनला स्वतःला लागणारी एखादी लायब्ररी. ती बहुतेक वेळा मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ या प्रोग्रॅम लिहिण्याच्या साधनाची असते. २०१५ पासूनच्या आवृत्त्या १४० हाच क्रमांक नावात वापरतात, तेव्हा मायक्रोसॉफ्टच्या स्थळावरून त्यांचा नवा रीडिस्ट्रिब्युटेबल संच घ्यावा, आणि ३२ व ६४ बिटांचे दोन्ही संच बसवावेत. सुटी डीएलएल फाइल फुकट देणाऱ्या स्थळांकडे मात्र फिरकू नये. तेथील फाइल कोणत्या आवृत्तीची आहे, कोणी बदलली आहे, हे कळण्याचा मार्ग नसतो, आणि ती सिस्टिम३२ मध्ये टाकणे म्हणजे रस्त्यावर सापडलेली किल्ली घराच्या कुलपात फिरवून पाहणे.

काढणे आणि परत येऊ न देणे

दोषी फाइल सापडली की पहिला मार्ग सरळ आहे: ज्या सॉफ्टवेअरची ती आहे त्याची नवी आवृत्ती घ्यावी, किंवा नको असेल तर सेटिंग्जमधून ते रीतसर काढावे. काढण्याची सोयच नाहीशी झाली असेल, तर प्रशासकाच्या अधिकाराने कमांड प्रॉम्प्ट उघडून ‘रेजएसव्हीआर३२’ ही आज्ञा तिरक्या रेघेनंतरच्या ‘यू’ या खुणेसह आणि फाइलीच्या पूर्ण पत्त्यासह द्यावी. त्या फाइलीतच स्वतःची नोंद पुसण्याचे काम लिहिलेले असते आणि ही आज्ञा तेवढे करवून घेते. ‘एंट्री पॉइंट सापडला नाही’ असे उत्तर आले, तर त्या फाइलीत नोंद पुसण्याचे काम लिहिलेले नाही एवढाच त्याचा अर्थ.

थेट फाइल पुसायला गेले तर ती विंडोज एक्सप्लोररमध्ये उघडी असल्याचे सांगून विंडोज नकार देते, कारण एक्सप्लोरर तिला स्मृतीत धरून असतो. एक युक्ती येथे कामी येते: वापरात असलेली डीएलएल पुसता येत नाही, पण तिचे नाव बदलता येते. नावाच्या शेवटी ‘ओल्ड’ जोडावे, एक्सप्लोरर पुन्हा सुरू करावा, आणि आठवडाभर काही अडले नाही तर मग पुसावी.

डीटीपी कार्यालयात मी ऑटोरन्समधून खूण काढून प्लगइन बंद केले आणि निश्चिंत झालो. बारा दिवसांनी तीच तक्रार आली. ऑटोरन्स खूण काढताना ती नोंद एका बाजूच्या उपकप्प्यात हलवते. मूळ जागा मोकळी राहते. स्कॅनरचे सॉफ्टवेअर काढले गेले होते, पण त्याचे अद्ययावत करणारे काम टास्क शेड्यूलरमध्ये तसेच राहिले होते, आणि ते ठरलेल्या दिवशी उठून फाइल पुन्हा जागेवर ठेवत होते आणि तिची नोंद पुन्हा करत होते. ‘वारंवार’ या शब्दाचे उत्तर तेथे होते. म्हणून प्लगइन काढल्यावर टास्क शेड्यूलर आणि सेवांची यादी या दोन्ही ठिकाणी त्याच निर्मात्याचे काही उरले आहे का, ते पाहावेच.

तरीही फाइल परत येत असेल, किंवा सॉफ्टवेअर हवे आहे पण त्याचे मेनूतील प्लगइन नको आहे अशी स्थिती असेल, तर विंडोजमध्ये मनाई करण्याची जागा आहे. प्रत्येक शेल एक्स्टेन्शनला महिरपी कंसात लिहिलेला एक लांबलचक ओळखक्रमांक असतो, ज्याला सीएलएसआयडी म्हणतात. शेलएक्सव्ह्यूच्या यादीत तो दिसतो. रजिस्ट्रीची प्रत आधी काढून ठेवावी. मग एचकेएलएम (एचकेईवाय लोकल मशीन) या शाखेतील सॉफ्टवेअर, त्यात मायक्रोसॉफ्ट, त्यात विंडोज, त्यात करंटव्हर्जन आणि त्यात शेल एक्स्टेन्शन्स या ‘की’पर्यंत (रजिस्ट्रीतील कप्प्यापर्यंत) जावे. तेथे ‘ब्लॉक्ड’ नावाची की नसेल तर तयार करावी आणि तिच्यात स्ट्रिंग प्रकारची नवी नोंद करून तिला महिरपी कंसांसह त्या ओळखक्रमांकाचेच नाव द्यावे. नोंदीची किंमत रिकामी राहिली तरी चालते, पण तेथे फाइलीचे नाव आणि तारीख लिहून ठेवली तर पुढच्या माणसाला ते कशासाठी केले ते कळते. यानंतर प्लगइनने स्वतःची नोंद कितीही वेळा परत केली, तरी एक्सप्लोरर त्या क्रमांकाला दारात उभे करत नाही. पुढे तेच प्लगइन हवेसे झाले, तर ही एक नोंद पुसून एक्सप्लोरर पुन्हा सुरू केला की झाले.

खरे कारण सापडेपर्यंत काम थांबू नये म्हणून फोल्डर ऑप्शन्समधील ‘व्ह्यू’ या भागात ‘लाँच फोल्डर विंडोज इन अ सेपरेट प्रोसेस’ हा पर्याय चालू ठेवावा. त्याने प्लगइन सुधारत नाही, पण फोल्डरची खिडकी पडली तरी टास्कबार आणि डेस्कटॉप जागेवर राहतात. डीटीपी कार्यालयात तो पर्याय अजून चालूच आहे. शेड्यूलरमधील ते काम पुसून आणि ओळखक्रमांकाला मनाई करून आता आठ महिने झाले, आणि नोंदवहीत १००० क्रमांकाची एक्सप्लोररची घटना पुन्हा आलेली नाही.